गेस्ट हाऊसमधली टर्की

टर्की हा पक्षी मी पहिल्यांदा पाहिला तेव्हा तो कंपनीच्या जीपमध्ये मागच्या सीटवर बसून आला होता. पाय सुतळीने बांधलेले, मान ताठ, आणि तोरा असा की जीप त्याची आणि ड्रायव्हर त्याच्या पगारावर. सोसायटीच्या वॉचमनने विचारलं, "सुमनबाई, हे गिधाड कशाला आणलंय?" मी म्हटलं, "पाहुण्यांना खायला." तो दोन पावलं मागे सरकला.

मी वाशीला एका कंपनीच्या गेस्ट हाऊसमध्ये कुक होते. कारखाना तुर्भ्याला. माझे मालक तिथे हेल्पर होते. एका पाळीत त्यांच्या उजव्या हाताची तीन बोटं मशीनमध्ये गेली. कंपनीने त्यांना गेटवर बसायचं काम दिलं आणि वर मला विचारलं, स्वयंपाक येतो का? खेड तालुक्यातल्या आमच्या गावात हा प्रश्न कुणी बाईमाणसाला विचारला नसता. मी हो म्हटलं. सत्तरचं दशक संपता संपता मी कामाला लागले, आणि पुढची सगळी वर्षं त्याच ओट्यापुढे उभी राहिले.

गेस्ट हाऊस म्हटलं की लोकांना बंगला, बाग असं काही वाटतं. आमचं म्हणजे दुसऱ्या मजल्यावरचे दोन फ्लॅट मधली भिंत पाडून एक केलेले. चार खोल्या, एक मोठं जेवणाचं टेबल, आठ खुर्च्या. खिडकीतून तेव्हा खाडीपर्यंत नुसती मोकळी जमीन दिसायची, मध्ये मध्ये अर्धवट उभ्या इमारती. बाहेरगावचे आणि परदेशचे इंजिनियर कारखान्यात मशीन बसवायला यायचे, ते आमच्याकडे उतरायचे. कुणी दोन दिवस, कुणी सहा महिने.

या कामात स्वयंपाक येणं हा अर्धाच भाग. उरलेला अर्धा भाग म्हणजे माणूस ओळखणं. "जेवण कसं झालं?" असं पाहुण्याला कधी विचारायचं नाही. सगळे चांगलंच म्हणतात. परत आलेलं ताट बघायचं. कडेला काय सारलंय, कशाखाली काय लपवलंय, पाणी किती प्यायलं, यावरून तीन दिवसांत पोटाचा अंदाज येतो. एक जर्मन इंजिनियर अकरा दिवस उकडलेले बटाटे आणि दही खाऊन राहिला. बाराव्या दिवशी मी माझ्यापुरती सुकटीची चटणी भाजत होते, वास साऱ्या फ्लॅटभर. मला वाटलं आता तक्रार जाणार. तो दारात येऊन उभा राहिला आणि बोटाने चटणी दाखवून म्हणाला, "मी?" जाताना डबाभर चटणी घेऊन गेला. मद्रासचे एक केमिस्ट होते, ते स्वतःचं लोणचं, स्वतःचा तांदूळ आणि स्वतःची वाटी घेऊन यायचे. मला त्यांचं काही वाटायचं नाही. ते सगळीकडेच तसे वागत.

प्रधान साहेबांची गोष्ट वेगळी होती. प्रधान साहेब म्हणजे आमचे ॲडमिन ऑफिसर. गेस्ट हाऊस त्यांच्या हाताखाली. माणूस वाईट नव्हता. रजा अडवली नाही, कधी आवाज चढवला नाही. मालकांची बोटं गेली तेव्हा मला काम मिळावं म्हणून त्यांनीच कागद पुढे सरकवला होता. पण चार वर्षांत त्यांनी माझ्या हातचा चहासुद्धा घेतला नव्हता. "ॲसिडिटी आहे," म्हणायचे. रोज सकाळी हिशेबतपासणीला यायचे, उभ्या उभ्या बोलायचे आणि खाली उतरून कोपऱ्यावरच्या उडप्याकडे चहा प्यायचे. ती ॲसिडिटी आमच्या जिन्यावरच तेवढी चढायची. आम्ही बौद्ध, हे आडनावावरून त्यांना पहिल्या दिवशीच कळलं होतं. मी कधी काही बोलले नाही. नोकरी होती, घरात दोन मुलींची शाळा होती.

तर एका दसऱ्यानंतर हॅरिस साहेब आले. अमेरिकन, दाराच्या चौकटीला डोकं लागेल एवढे उंच. नवीन प्लान्ट उभा करायला सहा महिने राहणार होते, म्हणून बायकोलाही घेऊन आले. बायकोचं नाव मिचिको. आईबाप जपानी, पण जन्म, शाळा, सगळं अमेरिकेत. आम्ही त्यांना मिचीबाई म्हणायला लागलो.

साहेब सकाळी तुर्भ्याला गेले की मिचीबाई दिवसभर एकट्या. पहिला आठवडा पुस्तक वाचलं. दुसऱ्या आठवड्यात त्या स्वयंपाकघरात आल्या.

गेस्ट हाऊसच्या कुकला सगळ्यात नकोसा पाहुणा म्हणजे स्वयंपाकघरात येणारा. डबे उघडून वास घेतो, झाकण दुसऱ्याच डब्याला लावतो. मी तोंड वळवून भाजी चिरत राहिले. मिचीबाई खिडकीपाशी गेल्या. तिथे मी बुद्धाची एक लहान तसबीर ठेवली होती, पोस्टकार्डाएवढी. त्यांनी ती बघितली, हात जोडले, वाकल्या. मग माझ्याकडे बघून छातीवर बोट ठेवलं. "मी पण," म्हणाल्या. "माझे वडील पण."

मला खरं तर हसू आलं. इतक्या लांबून माणूस येतो आणि आपल्या खिडकीत आपल्यासारखाच वाकतो. मी त्यांना बसायला पाट दिला आणि निवडायला मेथी दिली.

माझं इंग्रजी स्वयंपाकघरातलं. मीठ, तिखट, उकळलेलं, तळलेलं, उद्या किती माणसं, एवढं समजायचं. बाकी हातवाऱ्यांवर. तरी दिवाळीपर्यंत मला त्यांच्या घरची सगळी माहिती झाली. आई दोन वर्षांपूर्वी गेली. वडील एकटे राहतात, सत्तरी गाठली आहे, जेवणावरची वासना उडाली आहे. त्यांची एकच इच्छा, बुद्धगयेला जायचं. जानेवारीत ते येणार होते. चार दिवस आमच्याकडे थांबून मग पुढे गयेला. आणि मिचीबाईंना त्यांच्यासाठी एक गोष्ट करायची होती. लहानपणी दर रविवारी वडील घरात स्वतः जे करायचे ते, टर्कीचे बर्गर.

बर्गर म्हणजे काय ते मला प्रधान साहेबांनी सांगितलं. "खिम्याची टिक्की. पावात घालून खातात." म्हटलं, मग एवढं काय, वडापावाचाच भाऊबंद. पण मिचीबाईंच्या घरचा बर्गर अमेरिकन नव्हता आणि पुरता जपानीही नव्हता. खिम्यात किसलेलं आलं, लसूण, पातीचा कांदा आणि सोया सॉस. सॉसची बाटली त्यांनी कपड्यांत गुंडाळून बॅगेतून आणली होती. मी वास घेतला, मला तो खारवलेल्या माशाच्या पाण्यासारखा वाटला. त्यांना तिळाचं भाजकं तेल हवं होतं, ते मिळेना. मी तीळ खमंग भाजून खलबत्त्यात तेल सुटेपर्यंत कुटले. त्यांनी बोट लावून चाटलं आणि माझा हात धरला. वरून घालायला व्हिनेगर आणि साखरेत मुरवलेली काकडी. बन मिळाले नाहीत, तेव्हा तुर्भे नाक्याच्या बेकरीतून गोल पाव आणून मध्ये कापून तुपावर भाजायचे ठरले.

सराव आम्ही कोंबडीवर केला. चार रविवार. हॅरिस साहेब एका वेळी पाच खायचे. कोंबडीचं झकास जमलं आणि मला वाटलं, हे काम झालं. पहिली चूक ती.

आता टर्की कुठून आणायची? ड्रायव्हर मुंबईच्या मार्केटात जाऊन आला. नाताळात मिळते, आता नाही, असं उत्तर. मी हिरूबायला सांगितलं. हिरूबाय म्हणजे दिवाळे गावची कोळीण. बेलापूरच्या खाडीची मासळी घेऊन बसने वाशीला यायची आणि आमच्याकडे पहिली टोपली उतरवायची. तिचा शब्द म्हणजे शब्द, आणि जीभ म्हणजे सुरी.

"टरकी?" ती म्हणाली. "उरनला एक किरिस्तावीन म्हातारी हाय, तिच्याकरं हाय तसली कोंबरी. मी सुकी मासली घेऊन जातंय ना तिकरं. मोरावानी पिसारा फुलवतंय, न तोंड बगशील तं जेवान जायचा नाय."

"विकेल का ती?"

"नाताळान येक उरलाय. इकल नाय तं काय त्याचा लगीन लावल? पन बाय, खानार कोन ते?"

"माझ्या पाहुण्यांचे वडील."

"दात हान ना त्याला?"

मी म्हटलं, खिमाच करायचाय. "मंग ठीक हाय," म्हणून ती टोपली उचलून गेली, आणि तिसऱ्या दिवशी जीप पाठवा असा निरोप आला. टर्की आमच्या दारात आली ती अशी.

मिचीबाईंचे वडील शुक्रवारी आले. बुटके, ताठ, डोक्यावर एक केस नाही. आम्ही त्यांना आजोबाच म्हणायचो. मला बघून ते कमरेत वाकले. मीही वाकले. ते पुन्हा वाकले. मिचीबाईंनी थांबवलं म्हणून, नाहीतर जेवायला उशीरच झाला असता. शुक्रवार-शनिवार मी त्यांचं ताट बघत होते. भात तीन घास, मासे एक तुकडा, बाकी तसंच. ज्याला जेवायचं नसतं तो माणूस ताटात फार नीटनेटकं ठेवतो. त्यांचं ताट फार नीटनेटकं यायचं.

रविवारी दुपारी बर्गर ठरला. कंपनीच्या वतीने पाहुण्याचा मान ठेवायला प्रधान साहेबांनाही वरून हुकूम होता, म्हणून ते जेवायला आले. चार वर्षांत पहिल्यांदा ते त्या टेबलावर बसले. पुढे ताट होतं, ताटात काकडी होती. "माझं पथ्य आहे," त्यांनी हॅरिस साहेबांना इंग्रजीत समजावलं.

सकाळी चिकनवाल्याने टर्की कापून दिली होती. मी सुऱ्याने खिमा केला, मशीन नव्हतं. आणि हाताला कळलं की हे प्रकरण वेगळं आहे. कोंबडीच्या खिम्याला अंगची चरबी असते, तो चिकटून राहतो. हा कोरडा. टिक्की थापली की कडेला भेगा. मी भिजवलेला पाव घातला, अंडं घातलं, थोडं तूप घातलं. तव्यावर टिक्क्या तुटल्या नाहीत. रंग सुरेख आला. मिचीबाईंनी आपल्या हाताने वडिलांपुढे बशी ठेवली.

मी दाराशी उभी होते. आजोबांनी बर्गर दोन्ही हातांनी उचलला, एक घास घेतला, सावकाश चावला. दुसरा घेतला. मग पाणी प्यायले. मग आणखी पाणी प्यायले. अर्धा बर्गर त्यांनी बशीत ठेवला, अगदी नीट, कापलेली बाजू आत वळवून. मला कळलं, कोरडा झालाय. माझे कान तापले.

ते मुलीला एकच शब्द बोलले. मिचीबाईंनी तोंडावर हात ठेवला आणि धावत माझ्याकडे आल्या. "पांढरा," म्हणाल्या, "लांब, जमिनीतला," आणि हाताने लांबी दाखवायला लागल्या. मी टोपलीतून मुळा काढून पुढे धरला. "हो! हो!" वडील खिम्यात मुळा घालत आणि हे मिचीबाईंना आयुष्यभर माहीतच नव्हतं. त्यांनी फक्त खाल्लं होतं, करताना कधी जवळ उभं राहून पाहिलं नव्हतं.

तोवर आजोबा स्वतःच आत आले. शर्टाच्या बाह्या वर केल्या, हात धुतले आणि माझ्याकडे बघून वाकले. म्हणजे परवानगी मागत होते. मी बाजूला झाले.

त्यांनी मुळा किसला, चिमूटभर मीठ लावलं, फडक्यात बांधून पिळला. पाणी फेकलं नाही, वाटीत धरून सोया सॉसमध्ये मिसळलं. उरलेल्या खिम्यात किसलेला मुळा कालवला. मग गोळा घेऊन या हातातून त्या हातात टाकायला लागले, टप् टप् टप्. मी म्हटलं, अरे, ही तर आमची भाकरी. मीही एक गोळा घेतला आणि त्यांच्या तालावर टाकायला लागले. ते हसले. मध्यभागी अंगठ्याने खळगा पाडायचा, म्हणजे टिक्की फुगून फाटत नाही, हे त्यांनी माझा अंगठा धरून दाखवलं. तव्यावर टाकून वर झाकण ठेवलं. खिमा वाफेत मऊ झाला आणि कडेला सॉस करपून जो वास सुटला, त्याने हॅरिस साहेब खुर्चीवरून उठून दारात आले.

दुसरी खेप टेबलावर गेली. आजोबांनी एक पूर्ण खाल्ला. दुसरा मागितला. मिचीबाई रडत होत्या आणि खात होत्या.

मग आजोबा बोलायला लागले. थांबून थांबून, इंग्रजीत. मी पाणी भरायला गेले होते, प्रधान साहेब मला म्हणाले, "थांबा सुमनबाई. तुम्हालाही सांगा म्हणताहेत." आणि ते एकेक वाक्य मराठीत करून सांगायला लागले.

"दुसऱ्या महायुद्धात त्यांना आणि तिथल्या सगळ्या जपानी लोकांना अमेरिकेच्या सरकारने घरातून उचललं. वाळवंटात छावणीत नेऊन ठेवलं. कुंपण घालून. ते तरुण होते. तिथल्या स्वयंपाकघरात काम मिळालं." आजोबा बोलले. "सणाला तिथे टर्की यायची. म्हाताऱ्यांना ती चावता यायची नाही. गळ्याखाली उतरायची नाही. म्हणून यांनी खिमा केला, आणि त्यांच्या ओळखीची चव हवी म्हणून आलं घातलं, मुळा घातला. छावणीत लोक जमिनीच्या तुकड्यावर मुळे लावायचे." पुन्हा आजोबा बोलले. प्रधान साहेबांनी त्यांना मध्येच काही विचारलं, मग माझ्याकडे वळले. "मी विचारलं, गुन्हा काय होता. ते म्हणाले, गुन्हा काही नव्हता. फक्त..." प्रधान साहेब थांबले. ताटातल्या काकडीकडे बघून म्हणाले, "फक्त जन्मामुळे."

प्रधान साहेबांनी चष्मा काढून पुसला.

आजोबांनी शेजारची खुर्ची मागे ओढली, माझ्याकडे बघितलं आणि काहीतरी म्हणाले. प्रधान साहेबांना ते मराठीत करायला वेळ लागला. "ते म्हणताहेत, जिने स्वयंपाक केला तिने टेबलावर बसावं. त्यांच्यात तशी पद्धत आहे."

आठ खुर्च्यांचं ते टेबल मी चार वर्षं रोज दोनदा पुसत होते. त्याच्या कोणत्या पायाखाली कागदाची घडी आहे ते मला ठाऊक होतं. पण त्यावर मी कधी बसले नव्हते. मी प्रधान साहेबांकडे बघितलं. ते माझ्याकडे बघत नव्हते.

"नको साहेब," मी म्हटलं. "मी नंतर जेवते. तवा तापलाय."

तवा तापलेला नव्हता. मी गॅस मघाशीच बंद केला होता.

आजोबांनी मान हलवली. रागावले नाहीत. त्यांनी आपली बशी उचलली आणि स्वयंपाकघरात येऊन ओट्याला टेकून उभे राहिले. मागोमाग मिचीबाई. मग हॅरिस साहेब, वाकून, खांद्याने मसाल्याच्या डब्यांची फळी हलवत. त्या अरुंद जागेत तीन माणसं आणि मी. आजोबांनी एक बर्गर बशीत घेऊन माझ्या हातात दिला. मी माझ्याच ओट्यापाशी, पाहुण्यांबरोबर उभी राहून खाल्ला. चांगला होता. मी पहिल्या खेपेला केला होता त्यापेक्षा कितीतरी चांगला.

बाहेर आठ खुर्च्यांच्या टेबलावर प्रधान साहेब एकटे. मला दारातून त्यांची पाठ दिसत होती. मग खुर्ची सरकल्याचा आवाज झाला. ते उंबऱ्यापाशी येऊन उभे राहिले, हातात काकडीचं ताट.

"सुमनबाई," ते म्हणाले. "एक द्या."

मी दिला. त्यांनी दोन्ही हातांनी धरला, कसा धरतात ते हॅरिस साहेबांकडे बघून. सॉस मनगटावरून बाहीत गेला. सगळा खाल्ला. मग मला म्हणाले, "तिखट कमी आहे."

"होय साहेब," मी म्हटलं. "त्यांच्यात तशी पद्धत आहे."

संध्याकाळी घरी गेल्यावर मी मालकांना सगळं सांगितलं. ते डाव्या हाताने जेवत होते, तोवर त्यांना ती सवय झाली होती. टर्कीचं ऐकून हसले, मुळ्याचं ऐकून म्हणाले, गावाला आईपण खेकड्याच्या वड्यात मुळा घालायची. मग खुर्चीची गोष्ट आली. ते जेवायचे थांबले.

"मग बसलीस का नाय?"

"प्रधान साहेब होते ना."

"म्हणूनच तर बसायचं होतं."

मी त्यांच्या ताटात आणखी भात वाढला.

आजोबा सोमवारी सकाळी गयेला निघणार होते. मी पोहे केले, चहा केला. त्यांनी पुन्हा ती खुर्ची मागे ओढली. या वेळी मी बसले. हॅरिस साहेब, मिचीबाई, आजोबा आणि मी. दहा मिनिटं असेल. पोह्यांची चव मला आठवत नाही. आठवतं ते एवढंच, की त्या खुर्चीवर बसल्यावर समोर थेट स्वयंपाकघर दिसत होतं. ओटा, मोरी आणि मोरीशेजारी जमिनीवर माझा पाट. पाहुण्यांचं जेवण झालं की मी त्या पाटावर, दाराकडे पाठ करून, ताट मांडीवर घेऊन जेवायची. मला वाटायचं, मी कुणाला दिसत नाही. चार वर्षं मी सगळ्यांना दिसत होते.

निघताना आजोबा वाकले. मी वाकले. मिचीबाईंनी या वेळी थांबवलं नाही.

पुढे उन्हाळ्यात हॅरिस साहेबांचं काम संपलं आणि ती दोघंही गेली. आजोबा सुखरूप घरी पोहोचले, गयेहून आल्यावर पोटभर जेवायला लागले, एवढं मिचीबाईंनी मला जाण्यापूर्वी सांगितलं. टर्की पुन्हा कधी आली नाही. पण मुळा घातलेली कोंबडीच्या खिम्याची टिक्की मी पुढे अनेक पाहुण्यांना घातली, आणि कंपनीत तिला 'वाशी कटलेट' असं नाव पडलं. हेड ऑफिसचे लोक मुद्दाम मागायचे. ती कुणी शिकवली हे कुणी विचारलं नाही. विचारलं असतं तर सांगितलं असतं.

एक गोष्ट अजून मनाला लागते. मी बसले, पण सोमवारी बसले. रविवारी बसायला हवं होतं, प्रधान साहेबांच्या समोर, त्यांच्याच तोंडून बोलावणं आलेलं असताना. तसा प्रसंग नंतर आला नाही. त्या माणसाला त्या दिवशी जे कळलं, ते मी खुर्चीवर असते तर आणखी थोडं कळलं असतं, असं मला वाटतं. कदाचित मलाही.

आजोबा गेले त्याच आठवड्यात प्रधान साहेब तपासणीला आले तेव्हा मी म्हटलं, "साहेब, स्वयंपाकघरात एक लहान टेबल पाहिजे."

"कशाला?"

"जेवायला."

त्यांनी वहीत लिहून घेतलं. मग पेन तसंच धरून विचारलं, "खुर्ची एक ना?"

"दोन," मी म्हटलं.

तुर्भ्याच्या सुताराने पंधरा दिवसांत टेबल आणून दिलं. प्रधान साहेब त्या दुसऱ्या खुर्चीवर कधी बसले नाहीत. पण त्यानंतर सकाळी आले की पाणी मागायचे, उभ्यानेच प्यायचे आणि ग्लास स्वतः मोरीत ठेवायचे. चहा उडप्याकडेच. त्यांच्या-माझ्यात तेवढंच झालं, आणि ते निवृत्त होईपर्यंत तेवढंच राहिलं.

त्या खुर्चीवर पहिली बसली ती हिरूबाय. टोपली दाराशी ठेवून आत आली, टेबल बघितलं, खुर्ची हाताने हलवून बघितली.

"यो कुनाला गो?"

"आपल्याला. बस. चहा घे."

ती अवघडून बसली. पाय जमिनीला नीट टेकेनात. "मी आपली खालीच बरी व्हते," ती म्हणाली. "याच्यावर बसून मासली कशी इकायची?"

"इथे विकायची नाही. चहा प्यायचा आहे."

तिने चहा बशीत ओतला, फुंकला, प्यायली. मग मोकळी बशी पुढे सरकवली आणि म्हणाली, "आजून वत."